गाडीतली सीट, दावतीतलं ताट

(बारामतीतील तरुण-तरुणींच्या मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मित्रमैत्रिणींनो, आजच्या कार्यक्रमात शिक्षणावर बोलणारे आहेत, नोकऱ्यांवर बोलणारे आहेत. माझ्या वाट्याला आलेला विषय ऐकून मागच्या रांगेतले दोघे हसले, ते मी पाहिलं. विषय आहे, लग्नाच्या पाहुण्यांसाठी गाड्यांची व्यवस्था. मी इंजिनिअर आहे, सॉफ्टवेअर कंपनीत काम करतो. त्यामुळे घरात कुणाचंही लग्न निघालं की एक वाक्य ठरलेलं असतं, "गाड्यांचं तू बघ, तुला कॉम्प्युटर येतो." तुमच्यापैकी बऱ्याच जणांवर ही पाळी आली असेल किंवा येणार आहे. म्हणून हे काम नीट कसं करायचं आणि ते का महत्त्वाचं आहे, ते सांगतो.

आधी हिशोब कुठून सुरू होतो ते बघू. बारात बारामतीहून इंदापूरला जाणार आहे असं धरा. निकाह मुलीकडे, दुपारचं जेवण मुलीकडे. वलीमा नंतर बारामतीत, तो मुलाकडचा. गाड्या कोण ठरवतं? मुलाकडचे. त्या गाड्यांतून उतरणाऱ्या माणसांना जेवू कोण घालतं? मुलीचे अब्बा. म्हणजे गाडीतली प्रत्येक सीट हे इंदापुरातल्या दावतीतलं एक ताट आहे. इथे आपण उत्साहात आणखी एक क्रूझर सांगतो आणि तिकडे दहा-बारा ताटं वाढतात. क्रूझरचं भाडं आपल्याला दिसतं. ताटांचं बिल आपल्यापर्यंत येतच नाही, म्हणून ते आपल्याला खर्चच वाटत नाही.

निकाहला काय लागतं हे तुम्हा सगळ्यांना माहीत आहे. दोघांची कबुली, साक्षीदार, मेहर. खायला घालण्याची जबाबदारी वलीम्याची आहे आणि ती मुलाची आहे. मुलीच्या बापाने दोनशे बारात्यांना बिर्याणी घालावी असं कुठल्या अटीत नाही. तो रिवाज आहे. आणि हा रिवाज मोडायला भाषणं देऊन जे होत नाही, ते गाड्यांची यादी ज्याच्या हातात आहे तो पोरगा करू शकतो. कारण सीट जेवढ्या, माणसं तेवढीच जाणार.

आमच्या घरचंच उदाहरण देतो. माझ्या धाकट्या भावाचं लग्न इंदापूरच्या मुलीशी ठरलं. बैठकीत आमच्या चाचांनी विचारलं, "किती माणसं आणू?" समोरून उत्तर आलं, "आपलंच घर आहे, जितके याल तितके या." हे उत्तर शिष्टाचाराचं असतं. मुलीचा बाप दुसरं काय म्हणणार? बैठक संपल्यावर अम्मीने मुलीच्या अम्मीला फोन केला आणि साधं विचारलं, "बाजी, खरं सांगा, किती जणांचं तुम्हाला बिनकर्जाचं जमेल?" पलीकडे थोडा वेळ कुणी बोललं नाही. मग आकडा आला, शंभर. ही चौकशी बायकांनी बायकांकडे केली म्हणून खरा आकडा मिळाला. पुरुषांच्या बैठकीत तो कधीच मिळाला नसता.

आता आमची यादी बघा. पहिल्या दिवशी २६० नावं. मी सगळी एका शीटमध्ये घातली. रकाने साधे होते. नाव, कुठून निघणार, वय ६५ च्या वर आहे का, बरोबर लहान मुलं किती, चढा-उतरायला त्रास आहे का, स्वतःची गाडी आहे का, त्याच दिवशी परत यायचंय का. शीट लावल्याबरोबर ३८ नावं दोनदा आलेली दिसली. अब्बांच्या यादीतही तीच आणि मामूंच्या यादीतही तीच. उरली २२२. त्यानंतर प्रत्येक घरी फोन गेला, "निकाहला मोजकी माणसं जातायत, वलीमा मात्र तुमच्याशिवाय होणार नाही, तुम्ही तिकडे यायचंच." बहुतेकांना सुटल्यासारखं झालं. पन्नास किलोमीटर जाऊन-येऊन दिवस घालवायची हौस वाटते तितकी कुणाला नसते. न गेल्यास समोरच्याला वाईट वाटेल, या भीतीने लोक जातात. दोन चाचा रुसले. त्यांना भेटायला अब्बा स्वतः गेले. हे काम शीट करत नाही.

शेवटी यादी बरोबर शंभरावर आणली. त्यातले २३ जण निमगाव केतकी, लासुर्णे, वालचंदनगर या भागातले, म्हणजे इंदापूर तालुक्यातलेच. त्यांना बारामतीला बोलावून परत तिकडे न्यायचं कारण नव्हतं. १९ जण स्वतःच्या गाड्यांनी. उरले ५८. त्यासाठी ४४ सीटची एक एसटी आणि १७ सीटची एक ट्रॅव्हलर. एकूण ६१. तीन सीट मोकळ्या ठेवल्या, कारण निघताना एखादी नानी दारात बुरखा घालून उभी असतेच आणि तिला नाही म्हणता येत नाही. आधीच्या पद्धतीने आम्ही क्रूझर, तवेरा, कुणाची इको असं गोळा केलं असतं, तर सात-आठ गाड्या झाल्या असत्या. भाड्याचा खर्च निम्म्याच्या आसपास आला. त्या वाचलेल्या पैशात थोडी भर घालून भावाने मेहर उधार न ठेवता निकाहच्या जागी रोख दिला.

इथे मुलांशी एक गोष्ट स्पष्ट बोलतो. काही घरांत गाड्यांचं भाडंही मुलीकडून मागितलं जातं. "बारात आणायची तर गाडीभाडं तुमचं." लग्नाच्या संबंधात अशी मागणी करणं हे हुंडा प्रतिबंधक कायदा, १९६१ च्या कक्षेत येऊ शकतं. त्या कायद्याने मेहरला हुंड्याच्या व्याख्येतून बाहेर ठेवलं आहे, पण गाडीभाडं म्हणजे मेहर नव्हे. दुल्हा तुम्ही असाल, तर हे वाक्य तुमच्या नावावर कुणाला बोलू देऊ नका.

आता गाडी कुठली घ्यायची. एसटी महामंडळाची बस लग्नासाठी मिळते, त्याला प्रासंगिक करार म्हणतात. बारामतीलाही आगार आहे, इंदापूरलाही आहे. आगारात अर्ज करायचा, अनामत भरायची, किलोमीटरप्रमाणे आकार लागतो आणि किमान आकार ठरलेला असतो. दर बदलत राहतात, म्हणून तिथे जाऊन चालू दर विचारा आणि खासगी ट्रॅव्हल्सच्या भावाशी तुलना करा. अंतर कमी आणि माणसं जास्त असतील तेव्हा डोकी भागिले भाडं असा हिशोब केला, तर एसटी बऱ्याचदा परवडते. १ जून १९४८ ला पुणे-अहमदनगर मार्गावर पहिली एसटी धावली. तेव्हापासून या राज्यातली लग्नं तिच्या भरवशावर झाली आहेत. आपल्या आजी-आजोबांना विचारा.

पाच-सात जणच सुटे येणार असतील, तर नेहमीच्या फेऱ्या आहेतच. १७ मार्च २०२३ पासून महिलांना एसटीत अर्धं तिकीट आहे. ६५ ते ७५ वयाच्या ज्येष्ठांना अर्धं आणि ७५ च्या पुढच्यांना प्रवास मोफत. तेव्हा निकाहची वेळ ठरवतानाच एसटीचं वेळापत्रक पाहिलं, तर कित्येक खालाजान कुणाच्या गाडीची वाट न बघता स्वतःच्या हिमतीवर येतात. मुंबई-सोलापूरहून येणाऱ्यांना हेही सांगून ठेवा की इंदापूर शहराला रेल्वे स्टेशन नाही. दौंड-सोलापूर मार्गावर भिगवण आहे, तिथून पुढे सोलापूर हायवेने रस्ता. भिगवणला उतरणाऱ्यांची वेगळी यादी करा, नाहीतर पाहुणे स्टेशनबाहेर बॅगा धरून फोन करत बसतात.

तारखेबद्दल एक युक्ती. आपल्याला मुहूर्त लागत नाही, तरी दाते पंचांग जरूर बघा. मुहूर्त टाळण्यासाठी बघा! ज्या दिवशी दाट लग्नतिथी असते, त्या दिवशी बारामती, इंदापूर, दौंड सगळीकडच्या ट्रॅव्हल्स बुक असतात, भाव चढलेले असतात, आणि एकेक ड्रायव्हर दिवसात तीन-तीन वऱ्हाडं पोचवत असतो. तिथी नसलेला मंगळवार-बुधवार घेतलात, तर तीच गाडी स्वस्त मिळते आणि ड्रायव्हरची झोपही झालेली असते. आषाढात तुकोबांच्या पालखीचा मार्ग बारामती, सणसर, निमगाव केतकी, इंदापूर असाच आहे. त्या दिवसांत रस्ता वारकऱ्यांचा असतो आणि वाहतूक वळवलेली असते. तेव्हा तारीख पुढे-मागे करा.

आता जरा गंभीर बोलतो. कारण या विषयात माणसांचे जीव गेले आहेत.

मे २०१८ मध्ये नांदेड जिल्ह्यात मुखेड तालुक्यात वऱ्हाडाच्या गाडीची आणि टँकरची टक्कर झाली. दहाच्या वर माणसं गेली. डिसेंबर २०२४ मध्ये आपल्याच पुणे जिल्ह्यातल्या लोहगावहून महाडकडे लग्नाला निघालेली बस ताम्हिणी घाटात वळणावर उलटली. पाच जण गेले. ती तर रीतसर प्रवासी बस होती. म्हणजे गाडी कायदेशीर असणं ही पहिली पायरी झाली. रस्ता, वेग आणि ड्रायव्हर या पुढच्या पायऱ्या आहेत.

पहिल्या पायरीपासून सुरुवात करू. आपल्याकडे शेवटच्या क्षणी काय होतं? गाड्या भरतात, पोरं उरतात, मग कुणीतरी म्हणतं, "पिकअप आहे की!" पिकअप, छोटा हत्ती, ४०७, ट्रॅक्टरची ट्रॉली. मागे सतरंजी टाकायची, बायका-पोरं बसवायची. आणि त्यात कोण बसतं तेही बघा. एसी गाडीत दुल्ह्याचे दोस्त बसतात, पिकअपमध्ये गरीब रिश्तेदार. आपण मशिदीत एका सफेत उभे राहतो आणि बारातीला निघताना माणसांची प्रतवारी लावतो.

मालवाहू गाडी ही माणसं नेण्यासाठी नसते. परवान्याच्या विरुद्ध गाडी चालवल्यास मोटार वाहन कायद्याच्या कलम १९२-अ खाली, २०१९ च्या दुरुस्तीनंतर, १०,००० रुपये दंड आणि सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. प्रवासी गाडीत क्षमतेपेक्षा जास्त माणसं भरली, तर कलम १९४-अ प्रमाणे दर जादा माणसामागे २०० रुपये. पण दंड ही छोटी गोष्ट आहे. मोठी गोष्ट विम्याची आहे आणि ती फार थोड्यांना माहीत असते. मालवाहू गाडीत फुकट किंवा भाडं देऊन बसलेल्या प्रवाशाची जबाबदारी त्या गाडीच्या सक्तीच्या विम्यात येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने आशा राणी प्रकरणात आणि नंतर जानेवारी २००४ मध्ये बलजीत कौर प्रकरणात हे स्पष्ट केलं. बलजीत कौर प्रकरणात न्यायालयाने विमा कंपनीला भरपाई आधी द्यायला लावली, पण ती रक्कम गाडीमालकाकडून वसूल करायची मुभा दिली. याचा आपल्या भाषेत अर्थ असा. तुमच्या मामूंनी प्रेमाने पिकअप दिली आणि अपघात झाला, तर जखमींच्या घरच्यांना कोर्टाच्या चकरा आणि मामूंच्या शेतावर वसुली. लग्नात केलेल्या उपकाराचं हे बिल वीस वर्षं फेडावं लागू शकतं.

पांढऱ्या नंबरप्लेटची घरगुती गाडी भाड्याने घेतली, तरी हाच घोळ होतो. भाड्याच्या गाडीची प्लेट पिवळी असते, अक्षरं काळी असतात. गाडी ठरवताना तिचा नंबर मागा आणि एमपरिवहन ॲपवर टाका. फिटनेस कधीपर्यंत, विमा कधीपर्यंत, सीट किती, सगळं दोन मिनिटांत दिसतं. आपण पाचशे रुपयांचा इयरफोन घेताना पन्नास रिव्ह्यू वाचतो. ज्या गाडीत दादी बसणार आहे तिच्यासाठी दोन मिनिटं द्या.

आणि मुलं मोजा. आपल्या यादीत "चार माणसं" असं लिहिलेलं असतं आणि दारात सात उभी असतात, कारण मांडीवरची मुलं कुणी मोजलेलीच नसतात. आठ वर्षांचा मुलगा मांडीवर बसत नाही. तो दाराजवळ उभा राहतो.

वेळेचं बघा. बारामती-इंदापूर सुमारे पन्नास किलोमीटर. नकाशा सांगतो तेवढ्या वेळात बारात कधी पोचत नाही. आम्ही सव्वा तास अधिक अर्धा तास धरला. निकाह जोहरनंतर दोन वाजता, म्हणून गाडी साडेदहाला सुटणार, आणि "साडेदहा" असं सगळ्यांना सांगितलं, दहा नाही. खोटी वेळ एकदा सांगितली की पुढच्या वेळी खऱ्या वेळेवरही कुणी येत नाही. चार वाजता जेवणं उरकून साडेचारला परतीची गाडी.

परतीची वेळ इतकी ताणून धरायचं कारण ऊस आहे. या भागात भवानीनगर, माळेगाव, सोमेश्वर असे कारखाने आहेत. साधारण नोव्हेंबर ते मार्च गाळप चालतं आणि आपल्या लग्नांचा मोसमही तोच. अंधार पडला की दोन-दोन ट्रॉल्या जोडलेले ट्रॅक्टर रस्त्यावर. कित्येकांना मागे दिवा नाही, रिफ्लेक्टर नाही, उसाची टोकं बाहेर आलेली. समोरून लाईट डोळ्यावर आली की पुढची ट्रॉली दिसतच नाही. मगरीबच्या आत घरी, हा आमचा नियम होता. त्यासाठी रुखसतीची वेळही दोन्हीकडच्यांनी बसून आधी ठरवली होती.

ड्रायव्हरबद्दल सांगितल्याशिवाय पुढे जात नाही. मोटार वाहतूक कामगार कायदा, १९६१ मध्ये कामाचे तास दिवसाला ८ आणि आठवड्याला ४८ सांगितले होते. लग्नसराईत ते कुणी मोजत नाही. म्हणून आपण मोजू. गाडी ठरवतानाच विचारा, आदल्या रात्री या ड्रायव्हरची ट्रिप आहे का? असेल तर दुसरा ड्रायव्हर मागा. पोचल्यावर ड्रायव्हरला पहिल्या पंगतीत, पाहुण्यांबरोबर जेवू घाला. आपल्याकडे तो शेवटी, उरलंसुरलं, गाडीच्या बोनेटवर जेवतो. पंखा असलेली एक खोली आणि एक गादी त्याच्यासाठी ठेवा, दोन तास झोपू द्या. चाळीस-पन्नास माणसांचा जीव त्याच्या डोळ्यांवर आहे. शिवाय तो कुणाचा तरी मुलगा आहे, आणि आपल्यातल्या किती तरी घरांत हाच व्यवसाय आहे.

शेवटचा मुद्दा मुलींसाठी आणि मुलींबद्दल. गाड्यांची कमिटी नेहमी पुरुषांची असते आणि प्रवास करणाऱ्यांत निम्म्याहून जास्त बायका असतात. मग रस्त्यात बाथरूमसाठी थांबायचं कुठे, हे कुणी ठरवलेलंच नसतं. बायका सकाळपासून पाणी पीत नाहीत. गरोदर सून, शुगर असलेली फुफी, दूध पाजणारी आई, या सगळ्या आपल्या नियोजनाची किंमत गप्प राहून मोजतात. आमच्या लग्नात एसटीची प्रमुख माझी फुफेरी बहीण होती. बी.एड. करते. छापील यादी, पेन, चार्ज केलेला फोन, ओआरएस आणि उलटीच्या पिशव्या तिच्याजवळ. जाताना डोकी मोजली, येताना मोजली. कुठे थांबायचं ते तिने आदल्या आठवड्यात एका पंपावर जाऊन, स्वच्छतागृह बघून ठरवलं होतं. १०८ रुग्णवाहिकेचा आणि १०३३ हायवे मदतीचा नंबर यादीच्या डोक्यावर छापला होता. ते नंबर लागले नाहीत, अल्हम्दुलिल्लाह. पण एका बुजुर्ग चाचांनी सुरुवातीला विचारलं होतं, "पोरगी काय गाडी सांभाळणार?" परतीच्या वेळी तेच तिला येऊन सांगत होते, "बेटा, माझं नाव टिक केलंस ना?"

तर आता कामाचं. तुमच्यापैकी ज्यांच्या घरी येत्या वर्षात लग्न आहे, त्यांनी तीन गोष्टी करा. पहिली, मुलीकडच्यांना झेपणारा खरा आकडा घरातल्या बायकांकरवी विचारून घ्या, आणि तो आला की त्याच्या पुढे एकही सीट बुक करू नका. दुसरी, यादी एकच ठेवा आणि ती एकाच्याच हातात ठेवा, मग तो भाऊ असो की बहीण. तिसरी, मालवाहू गाडीत माणूस बसणार नाही हे घरात आजच जाहीर करा. लग्नाच्या दिवशी सकाळी दहा वाजता हे सांगून कुणी ऐकत नाही.

मी माझी शीट रिकामी करून मोबाईलवर उघडेल अशी ठेवली आहे. नावं, नंबर काहीही नाही, नुसते रकाने आणि बेरजा. चहाच्या वेळी ज्यांना हवी त्यांनी माझ्याकडून घ्या. आणि ज्यांनी एसटीच्या प्रासंगिक कराराचा अर्ज केलेला आहे, त्यांनी चालू दर मला सांगा, म्हणजे ते पुढच्यांना देता येतील.